टॉवेल, टोपी आणि मित्र

मराठी लग्नात ज्याला कसलाच मान नाही असा माणूस शोधून काढणं फार कठीण आहे. नवरीच्या मामाला मान असतो, कारण तो भाचीला हाताला धरून बोहल्यापर्यंत आणतो. करवलीला असतो, कारण ती हातात कलश घेऊन मागे उभी राहते आणि मंगलाष्टकं कितीही लांबली तरी या पायावरचा भार त्या पायावर घेण्यापलीकडे तक्रार करीत नाही. आत्याला असतो, मावशीला असतो, आत्याच्या यजमानांना तर इतका असतो की तो सांभाळायला एक वेगळा माणूस नेमावा लागतो. कानपिळ्याची गोष्ट आणखी निराळी. हा नवरीचा भाऊ. होमाच्या वेळी त्याने पुढे यायचं, होणाऱ्या मेव्हण्याचा कान धरायचा, चारचौघांदेखत तो पिळायचा आणि त्याबद्दल त्याच मेव्हण्याकडून शर्टपीस, पोशाख नाहीतर अंगठी घेऊन जागेवर जाऊन बसायचं. ज्याचा कान पिळला त्यानेच बक्षीस द्यायचं, असा हा व्यवहार आहे. कुठल्याही धंद्यात इतका नफा नाही.

हे सगळे मान लग्नाच्या आठ दिवस आधी घरातल्या एका पलंगावर पिशव्यांच्या रूपाने रांगेत बसलेले असतात. प्रत्येक पिशवीला टाचणीने चिठ्ठी टोचलेली. ‘मोठे मामा’, ‘मधले मामा’, ‘नागपूरच्या आत्याचे यजमान (टोपी नको)’. या खोलीत लहान मुलांना मज्जाव असतो आणि मोठी माणसं काहीतरी निमित्त काढून पुन्हा पुन्हा जात असतात, कारण मधल्या मामांच्या पिशवीत टेरिकॉट आहे की सुती, हे प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय झोप लागत नाही. गेली पन्नास वर्षं मी अशा खोल्यांतून हिंडतो आहे. ‘मुलाचा मित्र’ अशी चिठ्ठी टोचलेली पिशवी मी आयुष्यात एकदाच पाहिली. तिच्याबद्दल पुढे सांगतो.

वास्तविक नवरदेवाचा मित्र म्हणजे लग्नातला सगळ्यांत राबणारा माणूस. पहाटे चारला फुलबाजारात जाऊन हार आणणारा तो. आचाऱ्याने मागितलेला सोळावा नारळ खरोखर जेवणात पडतो की आचाऱ्याच्या पिशवीत, यावर डोळा ठेवणारा तो. गुरुजींना स्कूटरवर घेऊन येणारा तो आणि त्यांना आयत्या वेळी आठवलेली दर्भाची जुडी शोधायला परत जाणाराही तोच. 1994 साली ‘हम आपके हैं कौन’ हा चित्रपट आला आणि त्यानंतर आमच्या कार्यालयांतूनही नवरदेवाच्या चपला चोरीला जाऊ लागल्या. तशा त्या आधीही जात असत, फक्त परत मिळत नसत. तेव्हापासून चपलांवर पहारा हेही मित्राचंच काम झालं. हल्ली माळ घालायच्या वेळी नवऱ्याला उचलून धरायची पद्धत निघाली आहे. त्यात तर मित्रांना सरळ हमालीच लागते, आणि बोहल्यावर कबड्डी पाहिल्याचं समाधान पाहुण्यांना मिळतं ते वेगळंच.

एवढं करून त्याला मान का नाही? कारण आपल्याकडे मान रक्तातून येतो नाहीतर सोयरिकीतून. मित्र ना रक्ताचा, ना सोयरा. तो घरात पंधरा वर्षं जेवत असला तरी यादी करताना कोणत्या मथळ्याखाली घालावा हे कुणाला कळत नाही. मग शेवटी पिशव्यांतला एखादा उरलेला टॉवेल त्याच्या हातात पडतो. ‘घे रे, तू तर घरचाच!’ असं म्हणून. घरचाच या शब्दाने आजवर किती टॉवेल वाचवले असतील, याचा हिशेब कुणी केलेला नाही.

हे सगळं आत्ता लिहायचं कारण म्हणजे माझ्या सगळ्यांत धाकट्या बहिणीच्या मुलाचं लग्न ठरलं आहे. तो परवा मोबाईल पुढे करून म्हणाला, “मामा, ग्रूम्समेनना काय देऊ, सांग ना.” ग्रूम्समेन हा शब्द मला इंग्रजी कादंबऱ्यांतून ठाऊक होता. तिकडे नवऱ्याच्या बाजूने एकसारखे कोट घालून चार-पाच तरुण उभे असतात. त्यांतला मुख्य तो बेस्ट मॅन, आणि अंगठी खिशात सांभाळायची जोखीम त्याची. आपल्याकडेही हे अगदीच अपरिचित नाही. गोव्यातल्या ख्रिस्ती लग्नांत तो पूर्वीपासून आहे, कोकणीत त्याला धेडो म्हणतात. पण आमच्या सदाशिवपेठी वळणाच्या घरात तो मोबाईलमधून आला. येताना एकटा आला नाही, भेटवस्तूंचं एक अख्खं दुकान काखोटीला मारून आला. भाच्याने मला ते दुकान बोटाने सरकवून सरकवून दाखवलं. पाऊण तास आम्ही पाहत होतो. पुस्तकांची परीक्षणं मी पुष्कळ लिहिली, वस्तूंचं कधी लिहिलं नव्हतं. ते आता लिहितो.

पहिली वस्तू बीअरचा मग. जाड काचेचा, त्यावर मित्राचं नाव, नावाखाली ‘ग्रूम्समन’ आणि त्याखाली नवरानवरीची नावं नि लग्नाची तारीख. म्हणजे मित्राने एका संध्याकाळी घरी शांतपणे बसावं, तर हातात दुसऱ्याच्या लग्नाची पत्रिका. नावं कोरायला माझा विरोध नाही. आमच्या पिढीचं अर्धं बालपण भांड्यावर नाव घालणाऱ्या माणसाच्या त्या चर्रर्र आवाजात गेलं आहे. स्टीलच्या डब्यावर ‘सप्रेम भेट’ आणि पुढे ‘यांजकडून’ हे आम्ही धुळाक्षरांच्या बरोबरीने वाचायला शिकलो. पण त्या नावाला काम होतं. चाळीत कुणाच्या घरी कार्य निघालं की चार बिऱ्हाडांची पातेली एकत्र व्हायची, आणि दुसऱ्या दिवशी कुणाचं कुठलं हे त्या नावावरून कळायचं. बीअरचा मग शेजारच्या सत्यनारायणाला कुणी मागायला येत नाही.

दुसरी वस्तू कफलिंक. दिसायला सुरेख, निळ्या मखमलीच्या डबीत बसवलेली. ती लावायची तर बाहीला बटण नसलेला, दोन्हीकडून काजं असलेला शर्ट लागतो. तसा शर्ट आपल्यापैकी शंभरातल्या दोघांकडे असेल. म्हणजे भेट मिळालेल्या मित्राने आता दोन हजारांचा शर्ट घ्यायचा, शर्टाला साजेसा कोट शिवायचा, आणि मग तो कोट घालून जायला एखादं लग्न शोधायचं. ज्या भेटीने घेणाऱ्याला खर्चात घातलं, तिला आमच्याकडे पूर्वी वेगळं नाव होतं. पांढरा हत्ती.

तिसरी वस्तू कपडे. पाचही मित्रांना एका रंगाचे कुर्ते, वर त्याच रंगाची जॅकेटं. भाचा म्हणाला, “हे तर मस्ट आहे, मामा.” असू दे. पण याला भेट म्हणू नये. बँडवाल्यांनाही मालक एका रंगाचे कोट देतो, त्याला कुणी अर्थपूर्ण भेट म्हणत नाही. गणवेश देणाऱ्याच्या सोयीसाठी असतो. पाचजण एका रंगात आले की फोटो चांगला येतो आणि त्या फोटोत मधोमध कोण असतं, हे सांगायला नको.

पुढे दाढीचं तेल होतं, वास येणाऱ्या मेणबत्त्या होत्या, चामड्याच्या वेष्टनातली खिशात ठेवायची चपटी बाटली होती. तिला फ्लास्क म्हणतात, आणि फ्लास्क म्हणजे आजारी माणसाला दवाखान्यात चहा नेण्याची वस्तू असा माझा इतकी वर्षं समज होता. या सगळ्यांवर निरनिराळं लिहीत बसत नाही. त्यांच्यात एक गोष्ट सारखी आहे. त्या पाचच्या पाचही जणांना एकच मिळतात. नाव तेवढं बदलतं. कारखान्यातलं यंत्र ते बदलतं, देणाऱ्याला डोकं चालवावं लागत नाही. या प्रकाराला त्या दुकानात ‘खास तुमच्यासाठी’ असं म्हटलेलं होतं.

हा रोग नवा आहे असं मात्र नाही, आणि आपल्याकडे उपजलेलाही नाही. 10 फेब्रुवारी 1840 रोजी लंडनला राणी व्हिक्टोरियाचं लग्न झालं. तिच्या झग्याचा मागचा लांबलचक घोळ उचलून धरायला बारा मुली होत्या. तिकडच्या करवल्याच म्हणा. त्या प्रत्येकीला एकेक ब्रोच मिळाला. त्याचं चित्र खुद्द नवरदेवाने, प्रिन्स अल्बर्टने काढलेलं. पक्ष्याचं अंग पिरोजाचं, डोळे माणकांचे, चोच हिऱ्याची, नखांत मोती. कारागिरीला नाव ठेवायला जागा नाही. पण पक्षी कोणता? गरुड. आणि गरुड कुणाचा? अल्बर्टच्या कोबुर्ग घराण्याचा! म्हणजे बारा मुलींनी आयुष्यभर छातीवर नवरदेवाचं घराणं मिरवायचं. पावणेदोनशेहून अधिक वर्षांपूर्वी एका राजपुत्राने केलं तेच आज बीअरच्या मगावर होतं आहे. फरक एवढाच की अल्बर्टने निदान बसून चित्र तरी काढलं.

किमतीने यात काही सुधारतं का, असं तुम्ही विचाराल. 12 जुलै 2024 रोजी मुंबईत वांद्रे-कुर्ला संकुलात अंबानींच्या घरचं लग्न झालं. त्यात नवरदेवाने जवळच्या मित्रांना एकेक स्विस घड्याळ दिल्याचं वर्तमानपत्रांत छापून आलं होतं. एका घड्याळाची किंमत दोन कोटींच्या घरात. मित्रांत सिनेमातले मोठमोठे नट. या घड्याळाला महिना किती दिवसांचा आणि लीप वर्ष कधी येतं, हे आपोआप कळतं म्हणे. आमच्या घरी ही बातमी मोठ्याने वाचली गेली तेव्हा ‘ही’ म्हणाली, “एवढं कळणारं घड्याळ हातात असल्यावर मित्राच्या लग्नाचा वाढदिवस विसरलो म्हणायची सोय राहिली नाही.” मला त्या मित्रांचीच काळजी वाटली. त्यांच्यापैकी कुणाच्या मुलाचं लग्न निघालं की याची परतफेड कशाने करायची? 

घड्याळाशी आपल्या लग्नांचं नातं तसं जुनं आहे. 1961 साली जपानच्या सिटिझन कंपनीच्या सहकार्याने बंगळूरला एच. एम. टी.चा घड्याळांचा कारखाना निघाला, आणि त्याच वर्षी संसदेने हुंडाबंदीचा कायदा केला. पुढची पंचवीस-तीस वर्षं सासऱ्याने जावयाच्या मनगटावर बांधलेलं एच. एम. टी. हे हुंड्यात धरायचं की कौतुकात, हा प्रश्न मध्यमवर्गाने मोठ्या खुबीने अधांतरी ठेवला. ते घड्याळ रोज चावी दिली तर चालायचं आणि द्यायला विसरलं तर थांबायचं. 2016 साली सरकारने ती घड्याळाची कंपनीच बंद करायचं ठरवलं. माझं अजून चालतं.

परतफेडीचा विषय निघाला म्हणून सांगतो. 1925 साली मार्सेल मॉस या फ्रेंच पंडिताने भेट या गोष्टीवर एक निबंध लिहिला आणि तो जगभर गाजला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की भेट फुकट नसते. द्यावी लागते, घ्यावी लागते आणि कधी ना कधी फेडावी लागते. माझ्या आत्याने हा निबंध वाचलेला नव्हता. तिच्याजवळ आहेराची वही होती. कुणी किती दिले, पाकिटात की हातात, पाच की अकरा, सगळं तारीखवार. कुणाचं लग्न निघालं की ती चष्मा लावून वही उघडायची आणि म्हणायची, “त्यांनी आपल्याला पातेलं दिलं होतं. झाकण नव्हतं.” आणि मग बिनझाकणाचंच पातेलं शोधत आम्ही बोहरी आळी पालथी घालायचो. या वहीची चेष्टा मी पुष्कळ केली, पण नातेवाइकांच्या बाबतीत ती वही रास्त आहे असंच माझं मत आहे. नातेवाईक निवडता येत नाहीत, तेव्हा निदान हिशेब चोख असावा. मित्राचं तसं नाही. तो वहीत बसत नाही. तो यादीतही बसत नाही. म्हणून सगळ्या लग्नात त्याची एकच भेट अशी असते की जी देण्यासाठी रीत मदतीला येत नाही. देणाऱ्याला त्या माणसाकडे नीट बघावंच लागतं.

महाभारतातला राजसूय यज्ञ आठवून बघा. कार्य मोठं, तेव्हा युधिष्ठिराने कामं वाटून दिली. आहेर स्वीकारायला बसवला दुर्योधनाला. आलेले नजराणे मोजता मोजता त्याच्या पोटात जे दुखायला लागलं ते कुरुक्षेत्रापर्यंत थांबलं नाही. आहेराच्या टेबलाशी कुणाला बसवावं याचा विचार किती बारकाईने करायला हवा, हे सांगायला याहून मोठा दाखला मला माहीत नाही. आणि पांडवांचा मित्र श्रीकृष्ण? त्याने ब्राह्मणांचे पाय धुवायचं काम घेतलं, उष्टी काढली असं आपले कीर्तनकार सांगतात. पुढे अग्रपूजेचा मान द्यायची वेळ आली तेव्हा भीष्माने त्या पाय धुणाऱ्याचंच नाव सुचवलं. झालं! शिशुपाल उभा राहिला. एवढे राजे बसलेले असताना याला पहिला मान कसा, हा कोणत्या यादीत येतो, असा त्याचा मुद्दा. मधल्या मामांचं म्हणणं तरी याहून वेगळं काय असतं?

तर आता ती एक पिशवी. माझं लग्न 1979 साली दादरच्या एका कार्यालयात झालं. गिरगावातल्या आमच्या चाळीतला माझा मित्र गिरणीत तिसऱ्या पाळीला होता. तो रात्रपाळी करून तसाच फुलबाजारात गेला, तिथून हार नि वेण्या घेऊन कार्यालयात आला, आणि मग संध्याकाळपर्यंत मला तो फक्त पाठमोरा दिसला. कुठेतरी निघालेला. पंगतीच्या वेळी सगळ्यांच्या चपला दाराशी होत्या. माझी आई तिथून जाताना थबकली. त्यांतल्या एका चपलेचा अंगठा तुटला होता आणि तो सेफ्टी पिनेने अडकवलेला होता. ती चप्पल कुणाची हे आईला विचारावं लागलं नाही. तिने पुडा बांधायची सुतळी घेतली, चपलेवर ताणून धरली, गाठ मारली आणि कमरेला खोचून पुढे विहिणीला आग्रह करायला गेली.

दुसऱ्या दिवशी पलंगावर एक पिशवी जास्त होती. ‘मुलाचा मित्र’. आत कोल्हापुरी चपलांचा जोड. आमचे मोठे मामा पिशव्यांची पाहणी करायला आले ते तिथेच थांबले. म्हणाले, “अक्का, लग्नाच्या मानात चपला? कुणी देतं का? लोक काय म्हणतील?” आई घडी घालत होती, तिने वरसुद्धा बघितलं नाही. “तुझ्या पायांत आहेत ना? मग गप्प बस.” मामा गप्प बसले, पण पुढे दोन दिवाळ्या आमच्याकडे आले नाहीत. त्यांच्या पिशवीत चांगलं रेशीमकाठी उपरणं होतं आणि ते अजून कुठेतरी कपाटात घडी न मोडता पडलेलं असेल.

मित्र म्हणाला, “काकू, हे कशाला?” आई म्हणाली, “उद्या देवदर्शनाला चलायचंय आमच्याबरोबर. अनवाणी येणार आहेस का?” एवढंच. त्याने तिथल्या तिथे जुन्या काढल्या, नव्या घातल्या आणि करकर वाजवत जिना उतरून पाळीला गेला. आठ दिवस त्या त्याला चावत होत्या, हे त्याने मला फार पुढे सांगितलं. 18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा त्याच चपला त्याच्या पायांत होत्या. तोवर तीनदा तळ बदललेला. परळच्या कामगार मैदानावरच्या सभा, कामाच्या शोधात दारोदार फिरणं, सगळं त्यांच्यातच झालं. गिरणी पुन्हा उघडली नाही. चपलांचा अंगठा पुन्हा तुटला तेव्हा त्याने तो शिवून घेतला. पिन लावली नाही. “काकूंनी बघितली तर,” म्हणाला. तेव्हा आई गावी राहायला गेली होती. कोल्हापुरी चपलेला 2019 साली सरकारी भौगोलिक मानांकन मिळालं असं मी वाचलं. आमच्याकडे ते चाळीस वर्षं आधी मिळालं होतं.

आता त्या चपलांची किंमत किती? त्यावेळी काही फार नसणार. त्यांच्यावर कुणाचं नाव नव्हतं, तारीख नव्हती. पण त्या दुसऱ्या कुणाला देता आल्या नसत्या. मापच त्याच्या पायाचं होतं. अर्थपूर्ण भेट म्हणजे काय, असं भाच्याने मला विचारलं तेव्हा मी त्याला ही सुतळीची गोष्ट सांगितली. तो म्हणाला, “म्हणजे सगळ्यांना चपला देऊ?” हल्लीच्या मुलांना दाखला दिला की ते तो जसाच्या तसा मागवतात.

मग आम्ही दोघं कागद घेऊन बसलो. वस्तूंची यादी करायची नाही, माणसांची करायची, असं ठरवलं. पुण्याला चार वर्षं ही सहा मुलं एका भाड्याच्या जागेत राहिली. त्यांची हकिकत भाचा सांगायला लागला आणि थांबेना. मला हळूहळू कळत गेलं की हा भेटीबद्दल बोलतच नाहीये. लग्नानंतर आपण यांच्यातून उठून जाणार, हे त्याला पहिल्यांदाच उमगत होतं. मुलगी सासरी जाते तेव्हा सनई वाजते, सगळे रडतात, त्याची व्यवस्था आपल्याकडे आहे. मुलगा मित्रांतून जातो तेव्हा काहीच वाजत नाही. एक दिवस त्याचा फोन लागत नाही, मग ‘हिला विचारून सांगतो’ सुरू होतं, मग वर्षातून एकदा भेटायचं ठरतं आणि तेही पुढे जातं. पाचही जणांना हे ठाऊक असणार. म्हणून तर ती माळेच्या वेळी एवढी दंगा करतात.

पहिल्याचं लगेच जमलं. हा त्या जागेतला स्वयंपाकी. सहाजणांनी वर्गणी काढून घेतलेला पाच लिटरचा कुकर अजून भाच्याकडे आहे. तो त्याला द्यायचा, नवीन रबर, नवीन शिट्टी आणि आतली भांडी घासूनपुसून. दुसरा कुंभकर्ण. त्याला रोज सकाळी भाचा हलवून उठवायचा, त्यावर त्याची नोकरी टिकली. त्याला गजराचं घड्याळ, चावीचं, दोन घंटा असलेलं. ते तीन-चारशे रुपयांत मिळतं. दोन कोटींच्या घड्याळाला इतक्या जोराने ओरडता येत नसणार. तिसरा टोरांटोहून चार दिवसांसाठी येतो आहे. त्याला माझ्या बहिणीच्या हातचा गोडा मसाला, आणि तो करायचा कसा हे तिच्या अक्षरात लिहिलेला कागद, म्हणजे मसाला संपला तरी अडायचं नाही.

चौथ्यापाशी भाचा बराच वेळ अडला. भाच्याचे वडील दवाखान्यात होते तेव्हा हा मुलगा सलग नऊ रात्री बाहेरच्या बाकावर झोपला होता. त्या वेळी भाचा परगावी होता आणि गाडी मिळत नव्हती. याला काय द्यायचं? मी गप्प राहिलो. मामाला सगळंच कळतं असं नाही. शेवटी भाचा म्हणाला, नव्या जागेची एक किल्ली देतो. मला ते पटलं, पण जागा दोघांची, तेव्हा होणाऱ्या सूनबाईंना विचारणं भाग होतं. फोन लावला. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, “द्या की. पण आधी बेल वाजवायची. आणि रात्री अकरानंतर आला तर स्वतःचं स्वतः वाढून घ्यायचं.” मुलगी चांगली आहे.

पाचव्याला भाच्याने सरळ विचारलंच. तो म्हणाला, मला तो खिशातला फ्लास्कच पाहिजे, चामड्याचा, माझ्या नावासकट. यावर समीक्षकाला काही बोलता येत नाही. त्यावर लग्नाची तारीख घालू नका, एवढी सूचना मी केली आणि ती मान्य झाली.

लग्न आता वीस दिवसांवर आलं आहे. बहिणीकडे पलंगावर पिशव्यांची रांग लागली आहे. परवा गेलो होतो, तेव्हा चष्मा विसरल्याचं निमित्त करून त्या खोलीत डोकावून आलो. ‘मामा’ अशी चिठ्ठी असलेली पिशवी खिडकीकडून दुसरी आहे. वरून दाबून पाहिली. शर्टपीस असावा.